तयार भरलेल्या फॉर्मालिनच्या डब्या: दीड वर्षं वापरून लिहितेय

मी मिरजेला एका पॅथॉलॉजी लॅबमध्ये टेक्निशियन आहे, हिस्टोपॅथला, १४ वर्षं झाली. ऑपरेशनमध्ये काढलेली गाठ, अपेंडिक्स, पित्ताशय, दुर्बिणीतून घेतलेला तुकडा, नातेवाइकांना जे जे "तपासायला पाठवायचंय" म्हणून सांगतात ते शेवटी आमच्या टेबलावर येतं. आणि ते ज्या पाण्यासारख्या दिसणाऱ्या, नाकाडोळ्यांना झोंबणाऱ्या औषधात बुडवून येतं ते फॉर्मालिन. दीड वर्षापूर्वी आमच्या लॅबनं कॅनमधलं फॉर्मालिन घरी, म्हणजे लॅबमध्येच, पातळ करून वाटणं बंद केलं आणि १०% न्यूट्रल बफर्ड (म्हणजे आंबट होऊ नये म्हणून क्षार घातलेल्या) फॉर्मालिनच्या तयार डब्या घ्यायला सुरुवात केली, ६० मिलीची डबी, आत ३० मिली भरलेलं, वर फिरकीचं झाकण. आजूबाजूच्या लहान हॉस्पिटलांना आम्ही त्या आधीच देऊन ठेवतो. दोन-तीन लॅबवाल्या मैत्रिणींनी विचारलं कशा आहेत, परवडतात का, म्हणून सविस्तर लिहितेय. नातेवाइकांनीही वाचलं तर बरंच, कारण डबी बऱ्याचदा त्यांच्याच हातात असते.

आधी नावाचा घोळ, कारण निम्म्या चुका तिथूनच होतात. दुकानात जो कॅन मिळतो त्यावर ३७ ते ४१% असं लिहिलेलं असतं, म्हणजे फॉर्माल्डिहाइड नावाचा वायू पाण्यात तेवढा विरघळवलेला, आणि तो गोठून पांढरा साका धरू नये म्हणून त्यात थोडं मिथेनॉल घातलेलं. या कॅनमधल्या पाण्याला म्हणायचं फॉर्मालिन. ते एक भाग घेऊन त्यात नऊ भाग पाणी घातलं की झालं १०% फॉर्मालिन, म्हणजे खरं फॉर्माल्डिहाइड त्यात फक्त ४% च्या आसपास. पण ओटीत, म्हणजे ऑपरेशन थिएटरात, नवीन आलेली सिस्टर लेबलवर ३७ वाचते, फॉर्मवर १० वाचते, आणि गणित करत बसायला वेळ नसतो म्हणून कॅनमधलं सरळ बरणीत ओतते. जास्त कडक म्हणजे जास्त चांगलं असं वाटतं सगळ्यांना, पण मग तुकड्याची बाहेरची साल टणक होते आणि आतपर्यंत औषध नीट शिरत नाही. तयार डबीचा पहिला फायदा हाच, की गणित कुणालाच करायचं नाही.

नाव आलंय मुंगीवरून. लॅटिनमध्ये मुंगीला फॉर्मिका म्हणतात, मुंगी चावल्यावर जे झोंबतं ते फॉर्मिक ॲसिड हे शाळेत शिकलोय सगळे, त्याच घराण्यातलं हे. रशियाच्या बुतलेरोव्हला १८५९ साली फॉर्माल्डिहाइड पहिल्यांदा मिळालं, १८६७ च्या सुमारास जर्मनीच्या हॉफमननी ते नक्की काय आहे ते ओळखलं, पण आमच्या कामाचा माणूस म्हणजे फ्रँकफर्टचे डॉक्टर फर्डिनांड ब्लूम. ते १८९३ मध्ये हे जंतुनाशक म्हणून कितपत चालतं ते तपासत होते आणि काम करता करता त्यांच्या लक्षात आलं की आपल्या बोटांची कातडी कडक झालीय, अल्कोहोलमध्ये ठेवलेल्या अवयवांसारखी. तिथून त्यांनी ते शरीराच्या तुकड्यांवर वापरून पाहिलं. मला ही गोष्ट फार आवडते, कारण ग्लोव्ह फाटलेला लक्षात न येता ग्रॉसिंग, म्हणजे आलेला अवयव कापून तपासणीचे तुकडे काढणं, केलं की माझ्याही बोटाच्या टोकाला संध्याकाळी तसंच होतं, कातडी पांढुरकी, सुरकुतलेली, दाबली तर पुठ्ठ्यासारखी लागते. १८९३ साली त्यांना जे दिसलं तेच.

हे नेमकं करतं काय, तर शरीरातून तुकडा बाहेर आला की त्याच्यातलेच रस त्याला आतून विरघळवायला लागतात, वरून जंतू असतातच. फॉर्मालिन प्रोटीनला प्रोटीन टाक्यासारखं बांधून टाकतं, आहे त्या जागी आहे तसं. लिव्हरचा ताजा तुकडा हातातून निसटतो इतका गिळगिळीत असतो, तोच दुसऱ्या दिवशी काढला तर राखाडी, घट्ट, कडेला कोपरे धरणारा, पातं लावलं की साफ काप पडतो. मग तो मेणात बसवून ३-४ मायक्रॉनचे (मायक्रॉन म्हणजे मिलिमीटरचा हजारावा भाग) काप घेता येतात. पण ते आत शिरतं हळू, तासाला साधारण मिलिमीटरभर, तेही कडेला, आत जाईल तसं आणखी हळू. म्हणून मोठी गाठ अख्खी बुडवून पाठवली तर दुसऱ्या दिवशीसुद्धा मध्यभाग कच्चाच असतो, तिला पावासारखे काप द्यायला लागतात, पित्ताशय उघडून धुवून टाकायला लागतं. आणि औषध तुकड्याच्या निदान दहापट हवं. लोणच्याच्या बरणीत फोडी दाबून भरतात तशी गाठ भरून वरून चमचाभर फॉर्मालिन, हे मी अजूनही बघते.

डबीचा विषय मला इतका जिव्हाळ्याचा का आहे ते सांगते. डब्या सुरू करायच्या आधीची गोष्ट, एका तालुक्याच्या गावातून एक मुलगा आईच्या स्तनातली गाठ घेऊन आला, सोमवारी सकाळी, एसटीनं. ऑपरेशन शनिवारी दुपारी झालेलं. प्लास्टिकची साधी बरणी, झाकणाला पिशवी आणि रबर. मी झाकण उघडलं आणि फॉर्मालिनचा वास आलाच नाही, दुसराच वास आला, जो या कामात एकदा ओळखीचा झाला की विसरत नाही. पाणी गढूळ, गुलाबी. मी विचारलं दादा, यातलं पाणी कुणी बदललं का. तो म्हणाला, हो मॅडम, शनिवारी रात्री बघितलं तर डोळ्यातून पाणी यायला लागलं इतका घाण वास येत होता, मला वाटलं आईची गाठ खराब व्हायला लागली, म्हणून ते ओतून टाकलं आणि बाटलीबंद पाणी विकत आणून भरलं, नळाचं नाही भरलं. त्यानं स्वच्छ पाणी विकत आणलं होतं. रात्रभर बरणी उशाशी ठेवून झोपला होता.

त्याला कुणी सांगितलंच नव्हतं की तो वासच औषधाचा आहे. आमच्या मॅडमनी, म्हणजे स्लाइड बघून रिपोर्ट देणाऱ्या पॅथॉलॉजिस्ट डॉक्टरांनी, जमेल तेवढं केलं, स्लाइडवर पेशींच्या नुसत्या सावल्या होत्या, कॅन्सर आहे एवढं सांगता आलं, पण ईआर-पीआर ही जी पुढची टेस्ट असते, जिच्यावर हार्मोनच्या गोळ्या लागू पडतील का ते ठरतं, ती त्यावर भरवशानं करता येत नव्हती. त्या बाईंचं दुसरं ऑपरेशन झालं तेव्हा कडेला थोडा भाग शिल्लक सापडला, त्यावर टेस्ट झाली. नसता सापडला तर? स्तनाच्या गाठीला फॉर्मालिन काढल्यापासून तासाभरात मिळायला हवं आणि त्यात ती किमान ६ तास, जास्तीत जास्त ७२ तास राहायला हवी असा जगभरचा नियम आहे, आणि आपल्याकडे शनिवारी काढलेली गाठ सोमवारी कशात येईल ते नशिबावर.

आता डबीकडे. चांगलं काय ते आधी. द्रव स्वच्छ, साका नाही, आम्ही प्रत्येक लॉटमधल्या दोन डब्या उघडून आंबटपणा मोजणारी पीएच पट्टी लावतो, ७ च्या जवळपासच येते, म्हणजे आंबट नाही. हे बफरचं महत्त्व लोकांना पटत नाही. साधं फॉर्मालिन ठेवून ठेवून आंबट होतं, त्यात फॉर्मिक ॲसिड तयार होतं, आणि मग रक्त असलेल्या तुकड्यात काळपट तपकिरी ठिपके पडतात, स्लाइडभर, मॅडमना ते खरे आहेत की औषधाचे ते ओळखत बसावं लागतं. आम्ही घरी करायचो तेव्हा लिटरला १०० मिली फॉर्मालिन, ९०० मिली डिस्टिल्ड वॉटर, सोडियम डायहायड्रोजन फॉस्फेट ४ ग्रॅम आणि डायसोडियम हायड्रोजन फॉस्फेट ६.५ ग्रॅम असं वजन करून घालायचो, अवघड काहीच नाही, पण घाईत कुणीतरी पावडर विसरायचं आणि ते पंधरा दिवसांनी स्लाइडवर कळायचं. तोंड रुंद आहे हा दुसरा मोठा गुण. अरुंद तोंडाच्या बाटलीत मऊ तुकडा सहज आत जातो, कडक झाल्यावर बाहेर येत नाही, मी आजवर कितीतरी बाटल्या कात्रीनं कापल्यात आणि कापताना तुकड्याला धक्का लागेल या भीतीनं हात थरथरलेत.

आता वाईट. एक लॉट असा आला की झाकणं पाझरत होती, जतकडून एसटीच्या पार्सलमध्ये आलेल्या चार डब्यांपैकी दोन अर्ध्या रिकाम्या आणि फॉर्म भिजून शाई पसरलेली. विक्रेत्यानं लॉट बदलून दिला, पण तेव्हापासून आम्ही प्रत्येक झाकणावर टेप मारतो आणि फॉर्म वेगळ्या पिशवीत घालायला सांगतो. जेल पेननं नाव लिहाल तर फॉर्मालिनचा थेंब लागला की नाव गेलं, पेन्सिल किंवा साधं बॉलपेन वापरा, आणि नाव डबीच्या अंगावर लिहा, झाकणावर कधीच नाही, झाकणं एकमेकांची लागतात. ३० मिलीत दुर्बिणीचे तुकडे, सुईची बायोप्सी, बारीक गाठ एवढंच ठेवा, गर्भाशयासारख्या मोठ्या अवयवाला ही डबी नाही, त्यासाठी त्याच कंपनीचा तयार बफर्डचा ५ लिटरचा नळवाला कॅन आणि मोठ्या बरण्या लागतातच. किमतीचं म्हणाल तर डबीमागे घरच्यापेक्षा एका वडापावएवढा फरक पडतो, पेशंटच्या ऑपरेशनच्या बिलात तो कुठे दिसतही नाही.

आणि एक गोष्ट जी कुठल्याच डबीवर लिहिलेली नसते: सगळंच फॉर्मालिनमध्ये टाकायचं नाही. टीबीचा संशय असेल आणि कल्चर करायचं असेल तर तो भाग वेगळ्या स्वच्छ डबीत सलाइनमध्ये जायला हवा, कारण फॉर्मालिननं जंतूच मेला तर कल्चरमध्ये वाढणार काय. मानेच्या गाठी येतात तेव्हा हे हमखास घडतं, सगळी गाठ फॉर्मालिनमध्ये आणि फॉर्मवर "टीबी कल्चर". ऑपरेशन चालू असतानाच रिपोर्ट हवा असतो तेव्हा तुकडा गोठवून लगेच काप घेतात, ती फ्रोझन सेक्शन, त्यासाठीचा तुकडाही ताजाच पाठवायचा.

कॅनमधलं कडक फॉर्मालिन आम्ही पूर्ण सोडलेलं नाही, पण त्याला कुलूप लावलंय. जुन्या लोकांना फॉर्मालिन म्हणलं की ओटीचं फ्युमिगेशनच आठवतं, रात्री दारं सील करून धुरी आणि सकाळी वास मारायला अमोनिया, शिवाय उपकरणं ठेवायचे, फॉर्मालिनच्या गोळ्या टाकलेले ते काचेचे चेंबर. आता बरीच हॉस्पिटलं त्यापासून दूर चाललीत आणि ते योग्यच आहे. पोल्ट्रीवाले परमँगनेटवर ओतून शेडमध्ये धुरी देतात, रेशीमवाले कीटकसंगोपनगृह २% नं धुतात, मेडिकल कॉलेजात देहदानातून आलेली शरीरं यानंच टिकतात, धनुर्वाताच्या लसीतलं विष यानंच निष्प्रभ करतात. इतक्या ठिकाणी इतकं कामाचं औषध, पण खायच्या वस्तूत त्याला जागा नाही. २०१८ च्या जुलैमध्ये गोव्यात बाहेरून येणाऱ्या माशांत फॉर्मालिन असल्याच्या बातमीनं केवढा गोंधळ झाला, सरकारनं पंधरा दिवस बाहेरच्या मासळीवर बंदी घातली, तेव्हा आमच्याकडे लोक विचारायला यायचे की मॅडम तुमच्या लॅबमध्ये असतं तेच का हे. तेच हे. माशात थोडं फॉर्माल्डिहाइड आपोआपही तयार होतं हे खरं, पण टिकवायला म्हणून ओतणं हा गुन्हाच आहे, मी त्यात अवयव कसे दिसतात ते रोज बघते.

वापरणाऱ्यांनी स्वतःला जपा. जागतिक आरोग्य संघटनेच्या कॅन्सर संशोधन संस्थेनं २००४ मध्ये फॉर्माल्डिहाइडला माणसात कॅन्सर करणाऱ्या पहिल्या गटात टाकलंय. साधा मास्क किंवा एन-९५ लावून उपयोग नाही, तो धूळ अडवतो, वायू नाही. एक्झॉस्ट हवा, नायट्राइलचे ग्लोव्ह हवेत, डोळ्यात उडालं तर १५ मिनिटं वाहत्या पाण्यानं धुवायचं आणि मग डॉक्टरकडे. आणि रोज वास घेऊन घेऊन नाक बधिर होतं, त्यामुळे "आता वास येत नाही म्हणजे ठीक आहे" असं समजू नका, बाहेरून आलेल्या माणसाला विचारा. उरलेलं बेसिनमध्ये ओतू नका, ब्लीचशेजारी किंवा ॲसिडशेजारी ठेवू नका. तयार डब्यांमुळे आमच्याकडे ओतण्याचं काम जवळजवळ संपलं आणि माझी सकाळची डोकेदुखी गेली, हे मी पैशात धरत नाही.

पाचपैकी चार स्टार. एक कापला तो लेबलसाठी. सगळं इंग्रजीत, मुंगीच्या पावलाएवढ्या अक्षरात, धोक्याचं चिन्ह आहे पण डबी हातात घेऊन एसटीत बसणाऱ्या माणसाला काय करायचं ते कुठेच नाही. विक्रेत्याला तीनदा सांगितलं, मराठी लेबल छापून मिळालं नाही, म्हणून आम्हीच स्टिकर छापून घेतलेत, पिवळ्या कागदावर मोठ्या अक्षरात, आणि डबी हॉस्पिटलला देण्याआधी लावतो: "यात औषध आहे, वास येणारच. ओतून टाकू नका, पाणी घालू नका. झाकण उघडू नका. फ्रीजमध्ये ठेवू नका, लहान मुलांपासून लांब ठेवा. आजच्या आज लॅबला पोचवा." खाली लॅबचा नंबर. कुणाला मजकूर हवा असेल तर असाच्या असा घ्या.