पोम्पेईच्या स्टेशनाबाहेरचं ते काउंटर

नेपल्सहून सुटणारी लोकल 'पोम्पेई स्कावी – व्हिल्ला देई मिस्तेरी' या स्टेशनावर थांबली की अर्धा डबा रिकामा होतो. बाहेर पडलं की समोर लिंबाच्या सरबताची दुकानं, टोप्या-छत्र्या विकणारे, आणि गळ्यात ओळखपत्रासारखं काहीतरी अडकवलेली माणसं. ज्वालामुखीने गाडलेल्या या प्राचीन रोमन शहराच्या अवशेषांचं खरं प्रवेशद्वार, पोर्ता मारिना, तिथून चालत दोन-तीन मिनिटांवर आहे. आमची फसवणूक झाली ती या दोन-तीन मिनिटांच्या वाटेवर. यंदा उन्हाळ्यात ओळखीतली चार कुटुंबं इटलीला निघाली आहेत आणि चौघांनीही पोम्पेई आणि शेजारचा व्हेसुव्हियस ज्वालामुखी यांसाठी एक दिवस धरला आहे, म्हणून सगळं सविस्तर लिहिते.

आधी आम्ही तिथे कशासाठी गेलो ते सांगायला हवं, कारण त्या माणसाने नेमकं तेच हेरलं. मी धाराशिवला इतिहास शिकवत होते. तेर आमच्यापासून जवळ. 'पेरिप्लस' या सागरी व्यापारावरच्या प्राचीन ग्रीक ग्रंथात ज्याला तगर म्हटलंय तेच हे तेर. इथला माल गाड्यांवर लादून भडोचला जायचा आणि तिथून जहाजाने रोमन जगात. तेरच्या लामतुरे संग्रहालयात एक हस्तिदंती स्त्रीमूर्ती आहे, आणि जालना जिल्ह्यात भोकरदनच्या उत्खननातही त्याच घाटाची मूर्ती मिळाली. त्यांची बहीण शोभेल अशी, वीतभर उंचीची मूर्ती 1938 मध्ये पोम्पेईच्या एका घरात सापडली. तिला 'पोम्पेईची लक्ष्मी' म्हणतात. बरेच अभ्यासक ती यक्षी असल्याचं मानतात. इसवी सन 79 मध्ये व्हेसुव्हियसने ते शहर राखेखाली गाडलं, म्हणजे मूर्ती त्याआधीच तिथे पोचलेली होती. कित्येक वर्षं वर्गात हे सांगताना मी फळ्यावर नकाशा काढत आले. निवृत्तीनंतर मुलीकडे म्युनिकला गेलो, तेव्हा तिने आम्हा दोघांना नेपल्सची तीन दिवसांची सहल घडवली.

ह्यांची ओढ वेगळी होती. हे पाटबंधारे खात्यात होते, सगळी नोकरी काळ्या पाषाणात गेली. "आपण जन्मभर लाव्ह्याच्याच खडकावर राहतो, एकदा जिवंत ज्वालामुखीच्या काठावर उभं राहून बघू," असं त्यांचं म्हणणं. पण मूर्ती पोम्पेईत नाही, नेपल्सच्या राष्ट्रीय पुरातत्त्व संग्रहालयात ठेवलेली आहे, हे मला माहीत होतं. हातात रविवार एवढाच पूर्ण दिवस, सोमवारी सकाळी विमान. म्हणून सकाळी पोम्पेई आणि दुपारी संग्रहालय असं ठरवलं होतं. व्हेसुव्हियसवर ह्यांनी पाणी सोडलं होतं.

स्टेशनाबाहेर पडताच तो माणूस आला. निळा शर्ट, गळ्यात पट्टा, हातात नकाशांचा गठ्ठा. "नमस्ते! इंडिया?" मागे काचेचं काउंटर, त्यावर मोठं 'आय' आणि 'इन्फो' असं लिहिलेलं. मला ते सरकारी माहिती केंद्रच वाटलं. तो सांगू लागला की आज गर्दी आहे, तिकिटाच्या रांगेत दोन तास जातील, आणि ठरावीक संख्या भरली की प्रवेश बंद होतो. यातलं शेवटचं खरं आहे. पोम्पेईत दिवसाला 20,000 माणसांची मर्यादा आहे आणि तिकीट नावावर असतं. खोट्याच्या पोटात असं एखादं खरं घातलेलं असलं की ऐकणारा पुढचंही खरं धरतो. मीही धरलं.

मग त्याने विचारलं, दुपारचं काय? मी भोळेपणाने सगळं सांगितलं: संग्रहालय, भारतीय मूर्ती. तो क्षणभरही थांबला नाही. म्हणाला, ती मूर्ती आता नेपल्सला नाही, इथेच आतल्या अँटिक्वेरियममध्ये आणली आहे. तुमचा गाइडच दाखवेल. म्हणजे दुपार मोकळी, मग व्हेसुव्हियस का सोडता? हे माझ्याकडे बघायला लागले. इतक्या वर्षांच्या संसारात ह्यांनी स्वतःसाठी काही मागितल्याचं मला फारसं आठवत नाही. मी हो म्हटलं.

अँटिक्वेरियम हे पोम्पेईच्या आवारातलं छोटं संग्रहालय, 2021 मध्ये ते नव्याने उघडलं आहे. वस्तू इकडून तिकडे हलतात हेही मला माहीत होतं. म्हणून शंका आली नाही. एक फोन मुलीला केला असता तर दोन मिनिटांत उलगडा झाला असता. पण "बस भरत आली, दोनच जागा आहेत" हे वाक्य त्याने तेवढ्यात चार वेळा म्हटलं होतं.

माणशी 75 युरो. रांगेशिवाय प्रवेश, दोन तास परवानाधारक गाइड, व्हेसुव्हियसची बस आणि वरचा प्रवेश, सगळं धरून. कार्डाचं यंत्र बिघडलंय म्हणाला, म्हणून 150 युरो रोख दिले, साधारण साडेचौदा हजार रुपये. बदल्यात शर्टाला चिकटवायचे दोन पिवळे गोल आणि इटालियनमध्ये छापलेली एक पावती मिळाली. ह्यांनी तिच्यावर सही केली.

मग एका झाडाखाली सव्वा तास उभे. गट भरायचा होता. चाळीसेक माणसं जमल्यावर गाइड आला आणि आम्हाला पोर्ता मारिनापाशी घेऊन गेला, तर तिथे सगळ्यांचीच रांग होती. सामानाची तपासणी प्रत्येकाला करावीच लागते, ती कोणाला चुकत नाही. तिकीटखिडकीपाशी त्याने आम्हाला आमचे पासपोर्ट दाखवायला लावले आणि आमच्याच नावाची तिकिटं हातात दिली. किमतीच्या जागी शून्य होतं. मी विचारलं तर म्हणाला, पैसे आधी भरले की तसंच येतं.

तो जूनचा पहिला रविवार होता. इटलीत महिन्याच्या पहिल्या रविवारी सरकारी संग्रहालयं आणि पुरातत्त्व स्थळं सगळ्यांना फुकट असतात. पोम्पेईसुद्धा. एरवी तेव्हा तिकीट 18 युरो होतं, त्या दिवशी खिडकीवर ते फुकट मिळत होतं, आणि तेच आम्ही विकत घेतलं होतं. हे मला रात्री कळलं.

आत गेल्यावर पाऊण तासात गाइडने आम्हाला मुख्य चौक, स्नानगृह आणि एक रस्ता दाखवला. गर्दीत त्याचा आवाज पुढच्या दहा जणांपलीकडे पोचत नव्हता. गळ्यात परवाना नव्हता. इटलीत खऱ्या गाइडकडे तो असतो आणि मागितला तर दाखवतो. बेकरीजवळून जाताना दगडी जाती दिसली, लाव्ह्याच्या खडबडीत दगडाची, कमरेएवढी. ती माणसं किंवा गाढवं गोल फिरवायची. हे तिथे बसकण मारून खडकाच्या छिद्रांवरून बोट फिरवायला लागले, तेवढ्यात गट पुढे निघून गेला. रस्त्यात ठेवलेले ते उंच दगड, ज्यांवरून लोक चिखलपाणी टाळून पलीकडे जायचे, आणि त्यांच्या मधून गेलेल्या गाड्यांच्या चाकोऱ्या! दोन हजार वर्षांपूर्वीची चाकोरी हाताला लागते. तिथे एक तास बसायला हवं होतं. तेरा जणांचे प्लास्टरचे ठसे असलेली ती बाग, जिथे माणसं पळता पळता पडली, ती तर आम्ही पाहिलीच नाही. राखेत शरीरं कुजून राहिलेल्या पोकळ्यांत प्लास्टर ओतून असे ठसे घ्यायची रीत पुरातत्त्वज्ञ फिओरेल्लीने 1863 मध्ये बसवली. ते मुलांना शिकवताना वर्ग गप्प व्हायचा.

"मूर्ती?" मी गाइडला विचारलं. त्याने हाताने दिशा दाखवली आणि बस एक वाजता आहे असं सांगून तो निघून गेला. अँटिक्वेरियममध्ये आम्ही वीस मिनिटं शोधत होतो. शेवटी तिथल्या एका कर्मचारी बाईंना फोनवरचा फोटो दाखवला. त्या बघून हसल्या आणि म्हणाल्या, "नापोली. मुझेओ." तीनदा विचारलं, तीनदा तेच उत्तर.

पोम्पेईतून एकदा बाहेर पडलं की त्याच तिकिटावर परत आत येता येत नाही. तरी आम्ही बाहेर पडलो, कारण बस चारला परत येणार होती आणि संग्रहालय संध्याकाळी साडेसातपर्यंत उघडं असतं. अजून जमेल असं वाटलं.

व्हेसुव्हियसची बस वळणं घेत वर गेली. दोन्ही बाजूंना पिवळ्या फुलांची झुडपं बहरलेली, मधूनच 1944 च्या उद्रेकाचा राखाडी लाव्हा. हे खिडकीला नाक लावून बसले होते. डोंगर 1,281 मीटर उंच आहे. वाहनं हजारेक मीटरपर्यंत जातात, पुढे मुखाच्या काठापर्यंत चढ पायी. फाटकावर तिकीट मागितलं. आम्ही पिवळे गोल दाखवले. रखवालदाराने मान हलवली. वरच्या वाटेचं तिकीट आधी ऑनलाइन काढावं लागतं, त्यावर वेळ ठरलेली असते, आणि फाटकाशी विक्री नसते. फोनला रेंज येईना. एका डच जोडप्याने त्यांच्या फोनवर पाहिलं तर त्या दिवसाच्या सगळ्या वेळा भरलेल्या होत्या. बसचा चालक म्हणाला, माझं काम इथवर आणायचं.

आमच्यासारखे अकरा जण तिथे अडकले. ह्यांनी रस्त्याकडेचा एक दगड उचलला, वजन पाहिलं आणि जागेवर ठेवला. ज्वालामुखीचं मुख तिथून अर्ध्या तासाच्या चढावर होतं. "जाऊ दे गं, डोंगर तरी बघितला," एवढंच म्हणाले. मला त्या क्षणी जो राग आला तो अजून गेलेला नाही.

बस चारऐवजी पावणेसहाला खाली आली. काउंटरवर दुसराच माणूस होता. त्याने पावती आमच्यापुढे सरकवून एका ओळीवर बोट ठेवलं. तिचा फोटो मुलीला पाठवला. पाच मिनिटांत तिचा फोन आला. "आई, यात प्रवेश कुठेच लिहिलेला नाही गं. 'सहाय्य सेवा आणि वाहतूक' एवढंच आहे. खाली बाबांची सही आहे." कागदावर त्यांनी आम्हाला जे विकलं ते दिलेलंही होतं. रोख दिल्यामुळे बँकेकडे दाद मागायचीही सोय नव्हती. नेपल्सला सात वाजून गेल्यावर पोचलो. संग्रहालयाच्या दारातून लोक बाहेर पडत होते.

आता जाणाऱ्यांसाठी. स्टेशनाबाहेर कुणाशीही न बोलता सरळ पोर्ता मारिनाकडे चालत जा. खऱ्या तिकीटखिडकीवर 'बिल्येत्तेरिया' असं लिहिलेलं असतं आणि ती प्रवेशद्वारालाच लागून आहे. 'इन्फो' लिहिलेली बहुतेक काउंटरं खासगी आहेत. त्याहून बरं म्हणजे तिकीट घरूनच अधिकृत संकेतस्थळावर पासपोर्टवरच्या नावाने काढा. तारीख महिन्याच्या पहिल्या रविवारी येत असेल तर एक पैसाही देऊ नका, फक्त सकाळी लवकर पोचा. व्हेसुव्हियसचं तिकीट वेळेसकट आधी काढा आणि त्याची प्रत फोनमध्ये उतरवून ठेवा, वर नेटवर्कचा भरवसा नाही. त्यानंतरच बसचं बघा. पोम्पेईहून सरकारी बसही वर जाते. नेपल्सहून लोकलला एका वेळचे तीन-साडेतीन युरो पडतात, चाळीसेक मिनिटं लागतात. कुणी कागदावर सही मागितली तर आधी त्याचा फोटो काढून भाषांतर करून वाचा, बस सुटत असली तरी. आणि कार्ड चालत नाही म्हटलं की तिथून निघा.

लक्ष्मी बघायची असेल तर ती पोम्पेईत नाही, कुणी काहीही सांगो. नेपल्सच्या संग्रहालयात, 'गुप्त कक्ष' म्हणतात त्या दालनात आहे. मेट्रोच्या पहिल्या मार्गावर 'मुझेओ' स्टेशनला उतरा. मंगळवारी बंद असतं.