भोसरीतल्या प्लेसमेंट एजन्सीकडून दोन माणसं घेतली, त्याचा अनुभव

भोसरी एमआयडीसीत आमचं छोटं मशीन शॉप आहे. वडिलांनी दोन लेथवर सुरू केलं होतं, आता चार व्हीएमसी (प्रोग्रॅमवर चालणारी मिलिंग मशीनं) आणि चौदा माणसं आहेत. गेल्या दीड वर्षात एका प्लेसमेंट एजन्सीकडून मी दोघांना घेतलं, आधी एक सेटर आणि नंतर एक क्वालिटी इन्स्पेक्टर. एजन्सीचं नाव मुद्दाम लिहीत नाही. माझ्यासारखं छोटं शॉप चालवणारं कोणी एजन्सीकडे जायच्या विचारात असेल, तर पैसे भरण्याआधी हे वाचा.

फी एका महिन्याच्या पगाराएवढी, वर जीएसटी. सेटरचा पगार 24,000 ठरला, म्हणजे 18 टक्के धरून 28,320 रुपये. माणूस रुजू झाला की सात दिवसांत सगळे पैसे द्यायचे. 90 दिवसांच्या आत तो सोडून गेला तर दुसरा माणूस फुकट.

कामाला एजन्सी चपळ आहे, हे मान्यच करायला हवं. आम्ही स्वतः गेटवर बोर्ड लावून दीड महिना बसलो होतो. यांनी आठ दिवसांत पाच मुलं पाठवली. फोन उचलतात, मुलगा निघाला की कळवतात. पण पाचही बायोडेटावर एकच मजकूर होता, 'व्हीएमसी सेटर कम ऑपरेटर'. ऑपरेटर जॉब, म्हणजे घडवायचा तुकडा, लावतो, सायकल स्टार्ट दाबतो, माप तपासतो. सेटर मोकळ्या टेबलापासून सुरुवात करतो. जॉब पकडणारा व्हाइस किंवा फिक्श्चर बसवायचं, टूल लेंग्थ घ्यायची, जी54 (जॉबचा शून्य कुठे ते) घ्यायचा, पहिला पीस पास करून द्यायचा. आमच्याकडे 25 एच7 चे, म्हणजे 25 मिलिमीटर व्यासाचे, बोअर (भोकं) असतात, त्यात मुभा सगळी मिळून 21 मायक्रॉनची. हा फरक एजन्सीच्या ऑफिसात कोणी तपासत नाही. तो तुम्हालाच तपासावा लागतो.

मी मुलाखतीत फारसं विचारलं नाही. प्रत्येकाला मशीनपाशी नेलं आणि व्हाइस सरळ करायला सांगितला. तिघांनी व्हाइस टेबलावर ठेवून दोन्ही बोल्ट करकचून आवळले आणि मग डायल (बारीक फरक काट्यावर दाखवणारं साधन) लावला. एकाला डायल कुठे टेकवायचा तेच कळेना. लातूरकडचा एक मुलगा मात्र आधी टेबलावरून उघडा तळवा फिरवत गेला, कुठे बर, म्हणजे धातूचा बारीक उंचवटा, लागते का बघायला. एका जागी हात थांबला, तिथे ऑइल स्टोन घासला, फडक्यानं पुसलं. व्हाइस ठेवला, एक बोल्ट बेताचा आवळला, दुसरा ढिला ठेवला. व्हाइसच्या न हलणाऱ्या जबड्याला, फिक्स जॉला, डायल टेकवून एक्स अक्षावर चालवला आणि प्लास्टिकच्या हातोडीनं हलकेच ठोकत काटा एका घराच्या आत आणला. मग दोन्ही बोल्ट आवळले, आणि आवळल्यावर परत एकदा डायल मारून बघितला. त्या शेवटच्या फेरीवर मी त्याला घेतला.

104व्या दिवशी तो गेला. चाकणला जास्त पगार मिळतोय म्हणाला. मी एजन्सीला फोन केला, तर गॅरंटी संपली, मॅडम, एवढंच उत्तर.

महिन्याभरानं तो पीएफला एक्झिट डेट टाकून घ्यायला आला. चहा घेताना म्हणाला, "ताई, खरं सांगू का? मी कुठं शोधत नव्हतो. ब्याण्णव्या दिवशी त्यांचाच फोन आला." ज्या एजन्सीला मी 28,320 रुपये दिले, तिनंच गॅरंटी संपताच त्याला उचलून दुसरीकडे लावला होता आणि तिकडून परत फी घेतली होती. मला फार वाईट वाटलं. करार काढून बघितला तर असं करू नये असं त्यात कुठेच लिहिलेलं नव्हतं.

पण त्यानं पुढे जे सांगितलं ते एजन्सीच्या माथी मारता येत नाही. चाकणला 2,500 रुपये जास्त होते, तेवढ्यासाठी गेलो नसतो म्हणाला. दुसरी पाळी रात्री बाराला सुटायची, तेव्हा मोशीला जायला काही मिळायचं नाही. बऱ्याचदा तो चालत खोलीवर जायचा. चाकणला कंपनीची बस आहे. आणि दुसरं, "प्रोग्रॅमची किल्ली सुपरवायझरच्या खिशात. एक फीड (टूल पुढे सरकायचा वेग) बदलायचा तरी हाका मारायच्या. मग मी इथं शिकणार काय?" कंट्रोलवरची ती प्रोटेक्टची किल्ली, जिच्याशिवाय प्रोग्रॅम बदलता येत नाही, वडिलांच्या काळापासून एकाच खिशात होती आणि मला त्यात काही वावगं वाटलं नव्हतं. चांगला कारागीर हाताखालून गेला, त्यात माझा वाटा मोठा होता.

आता शेजारच्या दोन शॉपना बरोबर घेऊन रात्रीसाठी एक ईको गाडी ठरवली आहे, भाडं तिघांत वाटून. किल्ली सेटरकडे असते. त्यात एकदा नुकसानही झालं. नव्या सेटरनं प्रोग्रॅममध्ये एक्स12 लिहिलं आणि पुढचा दशांश बिंदू द्यायचा राहिला. आमच्या कंट्रोलवर बिंदू नसला की 12 मिलिमीटरचं 12 मायक्रॉन होतं. 16 चा कार्बाइड एंड मिल (कापायचं टूल) फिक्श्चरवर आदळला. सुपरवायझर म्हणाले, बघा, म्हणूनच किल्ली माझ्याकडे होती. मी ती परत घेतली नाही.

क्वालिटी इन्स्पेक्टरसाठी त्याच एजन्सीकडे गेले, पण या वेळी करार आधी वाचला. अर्धी फी रुजू झाल्यावर आणि अर्धी 90 दिवसांनी, आणि वर्षभर आमच्या माणसाला दुसऱ्या जागेसाठी फोन करायचा नाही, या दोन ओळी घालायला लावल्या. थोडी कुरकुर झाली, पण घातल्या. मागितल्याशिवाय कोणी देत नाही, मागितलं की मिळतं. ती मुलगी अकरा महिने झाले आमच्याकडे आहे आणि तिचं काम उत्तम आहे.

पाचपैकी तीन गुण देईन. इन्स्पेक्टर, स्टोअर, अकाउंट्स अशा जागांसाठी जरूर जा. सेटरसाठी मी आता अॅप्रेंटिस घेते. 1961 च्या अॅप्रेंटिस कायद्याप्रमाणे तीस किंवा जास्त माणसं असतील तर ते बंधनकारकच आहे. आमच्यासारख्या चौदा माणसांच्या शॉपला ऐच्छिक. 2016 पासूनच्या केंद्राच्या योजनेत स्टायपेंडचा चौथा हिस्सा, महिन्याला 1,500 रुपयांपर्यंत, सरकार देतं. पैशापेक्षा मला एक गोष्ट जास्त मोलाची वाटते: मुलगा आमच्या मशीनवर, आमच्या जॉबवर तयार होतो. दोन मुलं आयटीआय करून आली आहेत. त्यातला एक सध्या रोज सकाळी व्हाइस काढतो आणि परत लावतो, सुपरवायझर डायल वाचतात.

एक कामाची गोष्ट सांगायची राहिली. एजन्सी मुलाखती शनिवारी ठेवायला बघते. भोसरी-पिंपरी पट्ट्यात सुट्टी गुरुवारची. हातात काम असलेला चांगला सेटर शनिवारी येऊच शकत नाही, खाडा पडतो. शनिवारी येतात ते बहुतेक रिकामे असलेले. शॉप बंद असलं तरी गुरुवारी एक मशीन चालू ठेवा आणि तेव्हाच बोलवा.