आयर्न इंजेक्शनची ५० मिलीची बाटली: आठ महिने, सहा वेतं आणि एक रबरी बूच

आधी बूच. बाकीचं नंतर.

माझ्याकडे डुकरांच्या चार माद्या. १० मिलीच्या बाटल्यांपेक्षा ५० मिलीची स्वस्त पडते म्हणून घेतली. पिल्लाला २ मिली, म्हणजे २५ पिल्लं. कागदावर हिशेब चोख. पण पंधरा-सोळा वेळा सुई खुपसली की बुचाची चाळण होते, आणि बाटली उलटी धरली की तपकिरी औषध मनगटावरून थेट कोपरापर्यंत. दोन शर्ट वाया गेले. डाग अजून आहेत.

दुसऱ्या वेताला तिसऱ्या दिवशी टोचूनही तीन पिल्लं अठराव्या दिवशी पांढरीफटक. कान उजेडात धरला तर मेणासारखा, जरा पळालं की धाप. एक गेलंच. तेव्हा बनावट औषध म्हणून इथे एक स्टार दिला होता. दुकानदाराशीही भांडलो. तो म्हणाला, "तुमचं टोचणं बघा आधी." राग आला, पण पुढच्या वेताला बघितलं. सुई काढली की मानेवरून तपकिरी ओघळ.

एका थेंबात साधारण ५ मिलिग्रॅम लोह. पिल्लाला रोज लागतं ७ च्या आसपास, आईच्या दुधातून मिळतं जेमतेम १. म्हणजे थेंबागणिक पाच दिवसांच्या दुधातलं लोह मी फरशीवर सांडत होतो! आता कानामागची कातडी अंगठ्याने बाजूला ओढून टोचतो, मनात पाच मोजतो, मग सुई काढून कातडी सोडतो. ओघळ बंद. थंडीत औषध घट्ट होतं, म्हणून बाटली आधी थोडा वेळ खिशात. एका स्टारचे चार केले, दुकानदाराला अजून सांगितलेलं नाही.

वडिलांच्या डुकरांना असलं काही लागलं नाही. कुडाळची तांबडी माती, दिवसभर नाक खुपसून असायची. मी काँक्रीट घातलं आणि लोह विकत आणायला लागलो. मादीच्या खाद्यात लोह वाढवून बघितलं, ते दुधात उतरत नाही. घमेल्यात माती ठेवली, तर पिल्लं त्यातच मुतून झोपली.

गेल्या वेताला आठच पिल्लं, १६ मिली संपलं. पुढचं वेत दीड महिन्याने. तोवर भोकं पडलेल्या बुचाखालचं औषध टोचायची हिंमत होईना, फेकलं. आता १० मिलीचीच आणतो. बूच तिचंही तसलंच, पण पाच भोकांत बाटली संपते.