अपिलाच्या निकालाची वाट पाहावी, की मॅट गाठावे?

राज्य सरकारी नोकरीत शिक्षेचा आदेश मिळाला, 45 दिवसांच्या आत वरिष्ठांकडे विभागीय अपीलही केले, आणि पुढे काहीच हलत नाही. सहा महिने उलटले की मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, मूळ अर्ज करण्याची वाट मोकळी होते. वेतनवाढ रोखण्याच्या शिक्षेविरुद्ध मी तीच धरली. तरी थांबण्याची बाजूही लंगडी नाही.

महाराष्ट्र नागरी सेवेच्या 1979 च्या शिस्त व अपील नियमांप्रमाणे अपिलीय प्राधिकाऱ्याला, म्हणजे अपील ऐकणाऱ्या वरिष्ठाला, पुरावा मुळापासून तपासता येतो. साक्षीदार खोटे बोलला, हजेरीपट नीट वाचलाच नाही, असे तुमचे म्हणणे असेल तर ते मांडण्याची जागा हीच. मॅट पुराव्याचे वजन नव्याने करत नाही. बी. सी. चतुर्वेदी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 1995 मध्येच ही मर्यादा आखून दिली आहे: चौकशी रीतसर झाली का, निष्कर्षाला काही पुरावा आहे का, आणि शिक्षा धक्का बसावा इतकी जादा आहे का, एवढेच पाहायचे. शिवाय वकिलाची फी आहेच.

मला मात्र असह्य झाले ते मौन. कार्यासनात विचारले की 'प्रकरण विचाराधीन आहे' एवढेच उत्तर. फाईल अभिप्रायासाठी ज्या कार्यालयाने शिक्षा दिली तिथेच गेलेली, आणि तिथून स्मरणपत्रांनाही दाद नाही. इकडे पदोन्नतीची यादी तयार होत होती. तुमचे अपील कुठे अडले आहे हे कोणी सांगायला बांधीलच नसावे, याचा मला फार त्रास झाला.

मॅटमध्ये सरकारतर्फे सादरकर्ता अधिकारी उभा राहतो, उत्तरासाठी मुदत मागतो, पुढची तारीख पडते. तारखा लांबतात, पण त्या असतात. सरकारच्या शपथपत्रासोबत शिक्षेच्या फाईलमधल्या मूळ टिपणीची प्रत आली तेव्हा माझ्या कित्येक पानी बचावावर 'खुलासा समाधानकारक नाही' एवढाच शेरा दिसला. कारणे नाहीत म्हणून आदेश रद्द झाला, प्रकरण फेरनिर्णयाला गेले आणि वेतनवाढ परत मिळाली. सगळ्यांचेच असे होईल असे नाही. पण ती टिपणी मला एरवी दिसली नसती, असे वाटते.

दोन गोष्टी जपा. प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, 1985 च्या कलम 19(4) प्रमाणे अर्ज दाखल करून घेतला गेला की प्रलंबित विभागीय अपील सहसा संपुष्टात येते. आणि अपिलावर निर्णयच नसेल तर त्या सहा महिन्यांनंतर मॅटसाठी एक वर्षाचीच मुदत असते. वाट पाहता पाहता तीही निघून जाऊ शकते. (जिल्हा परिषद कर्मचाऱ्यांना हा पर्याय नाही, त्यांना उच्च न्यायालयात जावे लागते.)

वाद निव्वळ पुराव्याचा असेल आणि सुनावणीची तारीख मिळाली असेल, तर थांबणे बरे. एरवी मी मॅटच म्हणेन. पुराव्याची तपासणी गमवायची नसेल, तर 'अपील ठरावीक मुदतीत कारणांसह निकाली काढावे' एवढीच मागणी अर्जात करता येते. वकिलाशी बोलताना हे आधी विचारा.