माहितीपटातील पुनर्रचनेची भूमिका की निवेदन: अभिनेत्याने काय निवडावे?

छोट्या स्वतंत्र आणि प्रादेशिक माहितीपटांत अभिनेत्याच्या वाट्याला मुख्यतः दोन प्रकारची कामे येतात: घडून गेलेल्या प्रसंगाच्या पुनर्रचनेत भूमिका करणे किंवा निवेदनाला आवाज देणे. मानधन दोन्हीकडे सहसा बेताचेच असते. तेव्हा काम संपल्यावर हाती काय उरते, हे पाहूनच निवड करावी.

नवा अभिनेता साहजिकच पुनर्रचनेतील भूमिकेकडे ओढला जातो, पण निराशेचा संभवही तिथेच अधिक. दिग्दर्शकाला बहुधा पाठमोरी आकृती, कुलूप उघडणारे हात किंवा काचेपलीकडची धूसर सावली एवढेच हवे असते, संवाद जवळपास नसतातच, आणि दिवसभराच्या चित्रीकरणातून अंतिम संकलनात काही सेकंदच उरतात. असे तुकडे शोरीलमध्ये, म्हणजे काम मिळवण्यासाठी दाखवायच्या निवडक दृश्यांच्या चित्रफितीत, लावून कोणाला अभिनयाचा अंदाज येणार? मात्र पुनर्रचना हाच माहितीपटाचा कणा असेल, तर हिशेब पालटतो. ब्रिटिश दिग्दर्शिका क्लिओ बर्नार्ड यांच्या २०१० सालच्या ‘द आर्बर’ या माहितीपटात अभिनेत्यांनी खऱ्या व्यक्तींच्या ध्वनिमुद्रित मुलाखतींवर ओठ जुळवले आहेत. दुसऱ्याचे अडखळणे, मध्येच थांबणे, वाक्य अर्धवट सोडणे हे सारे स्वतःच्या आवाजाच्या आधाराविना केवळ चेहऱ्याने पेलायचे, ही अभिनयाची कठीण परीक्षा आहे. असे काम समोर आले, तर मानधनाची फार घासाघीस न करता ते स्वीकारावे, असे माझे मत आहे.

निवेदनाला तेवढी झळाळी नाही, पण चेहरा, वय आणि अंगकाठी यांचे बंधन नसल्यामुळे एकच अभिनेता वर्षानुवर्षे वेगवेगळ्या विषयांवर काम करू शकतो. अडचण निराळीच आहे. संकलन चालू असताना कच्चे निवेदन पुष्कळदा दिग्दर्शक किंवा संकलक स्वतःच वाचतो आणि अंतिम ध्वनिमुद्रण दृश्ये पक्की झाल्यावर होते. त्यामुळे निवेदकाला आधीच ठरलेल्या जागेत वाक्य बसवावे लागते आणि संहितेतला एखादा तपशील बदलला, की पुन्हा स्टुडिओ गाठावा लागतो. शिवाय माहितीपट वाहिनीने घेतल्यास तिथे दुसऱ्याच, अधिक परिचित आवाजात निवेदन नव्याने होऊ शकते.

ज्याला कामात सातत्य हवे आहे, त्याने निवेदनापासून सुरुवात करावी. पुनर्रचनेची भूमिका मात्र आराखडा वाचून, चेहरा दिसणार का आणि बोलायला मिळणार का, हे विचारल्याशिवाय घेऊ नये. करारात श्रेयनामावलीतील उल्लेख, महोत्सवापलीकडच्या वापराचे मानधन आणि दुरुस्तीच्या ध्वनिमुद्रणाचे पैसे लेखी असावेत; निवेदकाने आपल्या आवाजाची कृत्रिम नक्कल करण्यास मनाई करणारे कलमही त्यात घालून घ्यावे.