लडाख बाइक टूरच्या नावाखाली १,९६,२०० रुपये गेले: गोव्यातल्या रायडरांनी वाचावं म्हणून

मनालीहून भाड्यानं घेतलेली बाइक घेऊन पांगोंग आणि नुब्रा करता येत नाही. हे एक वाक्य पैसे भरण्याआधी कुणी आमच्या कानावर घातलं असतं, तर आज हे लिहायची वेळ आली नसती. बाहेरून भाड्यानं आणलेली बाइक लेहपर्यंत जाते. तिथून पुढे खारदुंग ला, नुब्रा, पांगोंग, त्सो मोरिरी या बाजूला लेहमधल्या बाइकवाल्यांची संघटना ती जाऊ देत नाही. तिथं गाडी लेहमध्येच भाड्यानं घ्यावी लागते, नाहीतर आणलेल्या गाडीची आरसी, म्हणजे नोंदणीपत्र, तुमच्या स्वतःच्या नावावर लागते. हे आजचं नाही, वर्षानुवर्षं असंच चालू आहे. लडाखला टूर नेणाऱ्या माणसाला ते माहीत नसेल, हे मी मरेपर्यंत मानणार नाही. म्हणजे आम्हाला जी सहल विकली, ती होणारच नव्हती आणि विकणाऱ्याला ते ठाऊक होतं.

आम्ही तिघे: मी, माझा चुलतभाऊ आणि मेव्हणा. डिचोलीत राहतो, नोकऱ्या करतो, तिघांकडेही स्वतःच्या बुलेट आहेत. चोर्ला, आंबोली, तिलारी हे घाट आमच्या पायाखालचे. स्वतःच्या गाड्या उत्तरेत पाठवायचा विचार केला होता, पण पाठवणं, उतरवून घेणं, परत आणणं यात रजा पुरत नव्हती. म्हणून गाइडसह टूर. टूरवाला म्हापशाच्या बाजूचा, आपल्याच भाषेत बोलणारा, ऑफिस असलेला. मेव्हण्याच्या कंपनीतला एक जण आदल्या वर्षी त्याच्याबरोबर स्पितीला जाऊन आला होता आणि खूश होता. आता सगळे विचारतात, चौकशी केली नव्हती का? केली होती. जाऊन आलेल्या माणसाला विचारलं होतं. याहून जास्त चौकशी किती जण करतात ते मला सांगा.

त्या माणसाची स्पितीची टूर नीट का झाली, तेही आता कळलं. पुढच्या बॅचचे पैसे मागच्या बॅचवर खर्च करायचे, याची टोपी त्याला. आमची पाळी आली तेव्हा टोपी संपली होती.

हिशोब स्पष्ट लिहितो. माणशी ४२,५०० रुपये, तिघांचे १,२७,५००. त्यात मनाली ते मनाली बाइक, राहणं, दोन वेळचं खाणं, पुढे लीड रायडर, मागे बॅकअप गाडी, तिच्यात मेकॅनिक आणि ऑक्सिजन. बाइकचं डिपॉझिट माणशी १०,०००, परत मिळणारं, म्हणजे ३०,०००. आणि ‘परमिट व युनियन फी’ माणशी ३,८००, म्हणजे ११,४००. एकूण १,६८,९००. हे सगळं मनालीला पाय ठेवण्याआधी दिलं. विमानाची तिकिटं आणि दिल्ली-मनाली बस यात धरलेली नाही. परमिटच्या नावाखाली ३,८०० कुणी मागितले तर तिथंच उठा. लडाखमधल्या त्या भागांसाठी पर्यावरण शुल्क वगैरे जे लागतं, ते भारतीय माणूस स्वतः ऑनलाइन भरू शकतो आणि ते माणशी काहीशे रुपये असतं.

आता तो क्षण. आगाऊ ४५,००० आधीच दिले होते. उरलेले ८२,५०० द्यायला आम्ही त्याच्या ऑफिसात गेलो. शुक्रवार होता, खाली बाजाराची गर्दी. वर टेबलावर काचेखाली लडाखचा नकाशा, भिंतीवर रंगीत पताका, आणि टेबलाच्या कडेला चिकटपट्टीनं लावलेला क्यूआर कोड. मी स्कॅन केला. स्क्रीनवर टूर कंपनीचं नाव आलं नाही, त्याचंही आलं नाही. एका बाईचं नाव आलं. मेव्हण्यानं कोपरानं ढोसलं. मी विचारलं, हे कोण? तो म्हणाला, कंपनीचं खातं ऑडिटमध्ये अडकलंय, ही माझी बहीण. आणि मग हसून, ‘कितें रे, म्हजेर विश्वास ना तुका?’

त्या एका प्रश्नावर मी पिन दाबला. आजही रात्री झोप मोडते ती तिथंच. कोपर लागलं होतं, नाव समोर होतं, बोट मागे घ्यायला एक सेकंद पुरला असता. पण मला मूर्ख म्हणण्याआधी गोव्यातल्या कुठल्याही बाजारात जाऊन बघा. गॅरेजवाल्याचा क्यूआर बायकोच्या नावावर, मासळीवालीचा मुलाच्या नावावर, खोली भाड्यानं देणाऱ्याचा भाच्याच्या नावावर. रोज आपण अशा नावांना पैसे देतो आणि कुणी बुडवत नाही. त्याच सवयीवर या माणसाचा धंदा चालतो. हजारापुढची रक्कम असेल तर कंपनीच्या नावाचं चालू खातं मागा. नसेल तर पैसे देऊ नका, समोरचा सख्खा मामा असला तरी.

पावती दिली होती, छापील, जीएसटी नंबरासकट. तो नंबर मी परत आल्यावर तपासला. जीएसटी नंबराचे पहिले दोन आकडे राज्याचे असतात, गोव्याचे ३०. त्याच्या पावतीवरचा नंबर २७ नं सुरू होत होता, तो महाराष्ट्राचा. जीएसटीच्या साइटवर टाकला तर भलत्याच धंद्याचं नाव आलं. दोन मिनिटांचं काम आहे, मोबाइलवर होतं. पावती हातात पडली की ऑफिसात बसल्या बसल्याच करा.

मनालीत बाइक मिळाल्या. भाड्यानं देणाऱ्यानं तिघांची मूळ लायसन्स ठेवून घेतली. लीड रायडर म्हणून एक पोरगा आला. मागे यायची ती गाडी ‘दुपारी निघतेय’ होती. अटल टनेल ओलांडून, तांडीच्या पंपावर टाक्या भरून जिस्पाला मुक्काम केला. तिथं सकाळी तो पोरगा म्हणाला, बॅकअप गाडी मनालीत अडकलीय, मी जाऊन घेऊन येतो, तुम्ही सरचूला पुढे व्हा, कॅम्प बुक आहे. तो गेला तो गेलाच. आम्हाला परत दिसला नाही.

रस्ता ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी सांगतो. मनाली साधारण २,०५० मीटरवर. जिस्पा ३,२०० च्या आसपास. मग बारालाचा ला ही खिंड, ४,८९० मीटर, आणि पलीकडे उतरून सरचू, तेही ४,२०० च्या वरच. एवढ्या उंचीवर दुसऱ्याच रात्री झोपायला लावणारा आराखडा पाहिला की समजा, बनवणाऱ्याला तुमच्या जिवाची पर्वा नाही. जाणकार माणसं जिस्पा-केलाँगला एक रात्र जास्त काढतात. सरचूला मोबाइलला रेंज नव्हती आणि कॅम्पवाल्याकडे आमच्या नावाचा एक रुपया आलेला नव्हता. माणशी २,५०० प्रमाणे ७,५०० तिथंच मोजले. तंबू सोडून जाणार कुठे, बाहेर वारा असा की हेल्मेट काढलं की डोळ्यांतून पाणी.

रात्री चुलतभावाला उलट्या सुरू झाल्या. डोकं दोन्ही हातांनी धरून बसला होता, आडवं होता येत नव्हतं, आणि विचारलेल्या प्रश्नाला उत्तर द्यायला फार वेळ लावत होता. टॉर्चच्या उजेडात त्याचे ओठ निळसर दिसले. आमच्यासाठी म्हणून सांगितलेला ऑक्सिजन एका न आलेल्या गाडीत होता. कॅम्पवाल्यानं स्वतःचा सिलिंडर दिला, एक जीपवाला उठवला आणि स्पष्ट सांगितलं की याला आत्ता खाली न्या, खाली नेणं हेच औषध. ८,००० रुपये घेऊन जीपवाल्यानं अंधारात बारालाचा ओलांडून केलाँगच्या सरकारी रुग्णालयात आणलं. भाऊ वाचला. त्या कॅम्पवाल्याचे आणि जीपवाल्याचे आम्ही जन्मभर ऋणी आहोत. ते ८,००० मी नुकसानीत धरतो, पण त्यांच्या नावावर नाही, टूरवाल्याच्या.

केलाँगला हरियाणाचे काही रायडर भेटले. आमचा छापील आराखडा बघून त्यांच्यातल्या एकानं विचारलं, या मनालीच्या बाइकवर तुम्ही पांगोंगला जाणार होता? त्यानं सगळं समजावलं. तेव्हा मेव्हणा काही बोलला नाही, नुसता माझ्याकडे बघत राहिला. लेहच्या संघटनेवर माझा अजिबात राग नाही. आपल्याकडे टॅक्सीवाले बाहेरच्या गाडीला किती विरोध करतात ते आपण रोज बघतो. स्थानिक माणूस आपलं पोट सांभाळतो. राग त्याच्यावर, ज्यानं हे माहीत असून ‘मनाली ते मनाली, तीच बाइक’ असं छापलं.

मनालीत परतलो तर बाइकवाला म्हणे, मला फक्त टोकन मिळालंय, डिपॉझिट माझ्यापर्यंत आलेलंच नाही. भाडं द्या आणि लायसन्स न्या. तीन गाड्या, चार दिवस, दिवसाला १,४००, म्हणजे १६,८००. सरचूला राहिलेली गाडी आणण्याचे ७,००० वेगळे. मूळ लायसन्स कुणाच्याही हातात देऊ नका, झेरॉक्स द्या. त्यानं मूळ हट्टानं मागितलं तर दुसरा दुकानदार बघा, मनालीत कमी नाहीत.

७,५००, ८,०००, १६,८०० आणि ७,०००, असे वरचे ३९,३००. आधीचे मिळून २,०८,२००.

गोव्यात आल्यावर पोलीस ठाण्यात गेलो. ‘सायब आयज नात, फाल्यां येयात.’ दुसऱ्या दिवशी साहेब होते. म्हणाले, प्रकार हिमाचलात घडला, तिथं तक्रार द्या. हिमाचलातल्या ठाण्यात फोन केला, ते म्हणाले, पैसे गोव्यात दिलेत, गोव्यात द्या. परत आपल्या ठाण्यात. अर्ज ठेवून घेतला, पण आवक नंबर द्यायला तयार नाहीत. शिक्का मागितला तर ‘आमच्यावर भरवसा नाही का?’ मनात आलं, हेच वाक्य ऐकून ८२,५०० गेले आहेत. मग एका हवालदारानं सगळ्यांसमोर विचारलं, एवढे शिकलेले, आणि क्यूआरवरचं नाव वाचता येत नाही? बाकावर बसलेले दोघे-तिघे वळून बघायला लागले. माझा मेव्हणा पन्नाशीला आलेला माणूस, त्याची मान खाली गेली. ज्याला लुटलं त्याची ही परीक्षा, आणि ज्यानं लुटलं तो त्याच रस्त्यावर दोन किलोमीटरवर ऑफिस उघडून बसलेला. त्याला एकदा बोलावून विचारायलाही कुणाला वेळ नव्हता.

यांना कायदा माहीत नाही असं नाही. १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहिता लागू आहे. तिच्या कलम १७३ नुसार दखलपात्र गुन्ह्याची माहिती कुठल्याही ठाण्यात देता येते, तो घडला कुठेही असो. जुन्या ४२० च्या जागी आता भारतीय न्याय संहितेचं कलम ३१८ आहे, त्यातल्या पोटकलम ४ ला सात वर्षांपर्यंत शिक्षा आहे. ठाणं ऐकत नसेल तर अर्ज पोस्टानं पोलीस अधीक्षकांना पाठवायचा, तिथंही काही झालं नाही तर न्यायदंडाधिकाऱ्यांकडे जायचं. हे मला एका वकील मित्रानं सांगितलं. ठाण्यातल्या एकानंही सांगितलं नाही.

बँकेत गेलो तर म्हणाले, पिन तुम्हीच टाकलाय, आम्ही काही करू शकत नाही. सायबर फसवणुकीचा १९३० नंबर पैसे गेल्या गेल्या फिरवायचा असतो, म्हणजे पुढच्या खात्यात रक्कम अडवता येते. आम्हाला फसवणूक कळली तोवर पैसे जाऊन आठवडे उलटले होते. आणखी एका सरकारी कार्यालयात गेलो. तिथल्या बाईंनी विचारलं, टूरवाल्याची नोंदणी आहे का? आम्ही म्हटलं, तेच तर तुम्ही बघायचं. गोव्यात पर्यटन व्यवसायाच्या नोंदणीचा कायदा १९८२ पासून आहे. त्यांनी फाइल काढली नाही, नाव लिहून घेतलं नाही. फक्त लेखी द्या म्हणाल्या. लेखी दिलं. अजून उत्तर नाही.

आणि आता सर्वांत चीड आणणारी गोष्ट. ठाण्यात फेऱ्या चालू असताना एका रात्री माझ्या खात्यात १२,००० रुपये आले. त्याखाली संदेश: फुल अँड फायनल. मला वाटलं, घाबरला, पैसे सोडायला लागला. दुसऱ्या दिवशी ठाण्यात तोच स्क्रीनशॉट आमच्या आधी पोचलेला. साहेब म्हणाले, बघा, तो पैसे परत देतोय, म्हणजे फसवायचा हेतू नाही, हें सिव्हिल मॅटर. १२,००० रुपयांत त्यानं उरलेले १,९६,२०० पचवायची सोय करून घेतली. असे पैसे आले तर त्याच दिवशी लेखी कळवा की ही अंशतः परतफेड आहे, तडजोड मान्य नाही. ईमेल, व्हॉट्सअ‍ॅप, रजिस्टर पोस्ट, तिन्ही करा. आम्ही पाच दिवस उशिरा कळवलं आणि ते पाच दिवस तो दाखवत फिरतोय.

आता ग्राहक आयोगात जातोय. २०१९ च्या कायद्यानं तक्रार आपण राहतो त्या जिल्ह्यात दाखल करता येते, हिमाचलला जावं लागत नाही. आपण सेवेसाठी मोजलेली रक्कम पाच लाखांपर्यंत असेल तर फी नाही, वकील सक्तीचा नाही. आराखड्याचा कागद, पावती, यूपीआयचे व्यवहार, केलाँगच्या रुग्णालयाचा केसपेपर, मनालीच्या बाइकवाल्याची चिठ्ठी, सगळं जोडलं आहे. जीपवाल्याकडून साध्या कागदावर ८,००० ची सही घेतली होती, तीही. त्या रात्री तो कागद मागायचं मेव्हण्याला सुचलं म्हणून आज आहे.

येत्या मोसमासाठी हाच माणूस झंस्करच्या टूरची बुकिंग घेतोय, कागदाचा रंग तोच, माणशी आगाऊ २०,०००. ज्यांनी दिले असतील त्यांनी आपला क्यूआरचा स्क्रीनशॉट काढून वरचं नाव बघा. बाईचं नाव असेल तर आजच १९३० लावा, मग ग्राहक हेल्पलाइन १९१५, आणि ठाण्यात गेलात तर आवक नंबर घेतल्याशिवाय बाकावरून उठू नका.