डॉसबॉक्स: जुने गेम, नवं विंडोज आणि रीसेटची घाई

विंडोजच्या आधीच्या डॉस सिस्टिमचे जुने गेम आजच्या विंडोजवर चालवून देणाऱ्या डॉसबॉक्स या प्रोग्रामची ०.७४-३ ही आवृत्ती मी घरच्या विंडोज १० च्या डेस्कटॉपवर गेले कित्येक महिने वापरतेय. रात्री जेवणं आटोपली की थोडा वेळ मी, आणि शाळेला सुट्टी असली की बहिणीचा मुलगा दिवसभर. फुकट आहे, आकाराने किरकोळ आहे आणि एकदा नीट बसलं की सहसा परत हात लावावा लागत नाही. नीट बसेपर्यंत मात्र डोकं खातं. काही अडलं आणि कुणाला विचारलं की उत्तर ठरलेलं: "रीसेट मारून बघ." माझ्या मते हा उपाय सगळ्यात शेवटचा. बिघाड विंडोजमध्ये असू शकतो, डॉसबॉक्समध्ये असू शकतो किंवा खुद्द गेमच्या फाइलमध्ये. डॉसबॉक्सचं रीसेट यातल्या फक्त मधल्याला लागू पडतं.

हे मुळात लागतं कशाला, तर ६४-बिट विंडोजमध्ये डॉसचे १६-बिट प्रोग्राम चालवायची सोयच नाही. ३२-बिटमध्ये ती होती, आणि विंडोज ११ तर ६४-बिटच मिळतं. त्यामुळे जुन्या गेमवर डबल-क्लिक केलं की हा प्रोग्राम तुमच्या पीसीवर चालणार नाही, असं सांगून विंडोज मोकळं होतं. डॉसबॉक्स विंडोजच्या आत एक अख्खा जुना पीसी उभा करतं: प्रोसेसर, चित्रासाठी व्हीजीए कार्ड, आवाजासाठी साउंड ब्लास्टर, सगळं. इंजिनिअरिंग केलेल्या बऱ्याच जणांना हे नाव गेममुळे नाही, टर्बो सी या जुन्या प्रोग्रामिंगच्या सॉफ्टवेअरमुळे माहीत असतं. सिलॅबस आणि लॅब जुनी, लॅपटॉप नवा, मग टर्बो सी ची ती निळी स्क्रीन चालवायला डॉसबॉक्स.

पहिली अडचण माउंटची, म्हणजे फोल्डर जोडण्याची. उघडल्या उघडल्या झेड ड्राइव्हचा प्रॉम्प्ट येतो आणि आपले गेम कुठेच दिसत नाहीत. गेमचं फोल्डर "सी ड्राइव्ह" म्हणून जोडून द्यावं लागतं. दर वेळी ते टाइप करायचा कंटाळा येतो, म्हणून माउंटची ओळ कॉन्फ फाइलच्या, म्हणजे डॉसबॉक्सच्या सेटिंगच्या फाइलच्या, अगदी तळाशी ऑटोएक्झेक नावाचा भाग असतो तिथे लिहून ठेवायची. विंडोजचा सगळा सी ड्राइव्ह जोडू नका. डॉसबॉक्स स्वतःच तसं करू नका म्हणून बजावतं आणि ते योग्यच आहे. फोल्डरचं नाव आठ अक्षरांच्या आत ठेवलं तर बरं, नाहीतर मधेच तुटून शेपटीला एक नागमोडी चिन्ह आणि १ लागतो. गेम चालू असताना विंडोजमधून नवी फाइल टाकली तर ती आत दिसत नाही, कंट्रोल-एफ४ दाबायचं. एवढंच. यासाठी पुन्हा इन्स्टॉल करणारे लोक मी पाहिलेत.

वेगाचं जरा समजून घ्यावं लागतं. मूळ सेटिंगमध्ये सायकल्स, म्हणजे आतल्या नकली प्रोसेसरचा वेग, "ऑटो" असतात, म्हणजे जुन्या साध्या गेमला ३००० आणि डूमसारख्या जड गेमला जेवढं जमेल तेवढं. बहुतेक वेळा हे पुरतं. गेम कासवगतीने चालला तर कंट्रोल-एफ१२, माणसं उंदरांसारखी पळायला लागली तर कंट्रोल-एफ११. लॅपटॉपवर या एफ बटणांनी आवाज आणि ब्राइटनेसच कमीजास्त होत राहतात, तिथे एफएन सोबत दाबावं लागतं. विंडोच्या वरच्या पट्टीत आकडा दिसतो. हवा तसा वेग सापडला की तो आकडा कॉन्फ फाइलमध्ये लिहून ठेवायचा, कारण बटणांनी केलेला बदल बंद केल्यावर विसरला जातो. आकडा भरमसाट वाढवला तर आवाज फाटायला लागतो, तेव्हा थांबायचं.

आता खरा त्रास. आमच्याकडे सगळ्यात जास्त चालतो तो प्रिन्स ऑफ पर्शिया. १९८९ मध्ये अ‍ॅपल टू या कॉम्प्युटरवर आलेला, १९९० मध्ये डॉसवर. तो बनवणाऱ्या जॉर्डन मेकनरने आपल्या धाकट्या भावाला पळताना, उड्या मारताना चित्रित करून त्यावरून त्या राजपुत्राची चाल काढली, म्हणून आजही त्याच्या लटकण्यात वजन जाणवतं. तलवार चालवायची ती शिफ्टने, आणि कठड्याला लटकायचं तेही शिफ्टनेच. दुसऱ्या लेव्हलला पहारेकरी समोर आला, भाच्याने शिफ्ट सटासट दाबलं आणि गेमच्या जागी विंडोजची स्टिकी कीजची चौकट. तोवर पहारेकऱ्याने वार केलेला.

"मावशी, हा मधेच अडकतो. रीसेट करू?"

"हात लावू नकोस, हे गेमचं नाहीये."

स्टिकी कीज म्हणजे शिफ्टसारखी बटणं धरून न ठेवता वापरायची विंडोजची सोय. शिफ्ट लागोपाठ पाचदा दाबलं की विंडोज ही चौकट दाखवतं, कुठलाही गेम असो. डॉसबॉक्स शंभरदा रीसेट केलं तरी ती जाणार नाही. विंडोजच्या सेटिंगमध्ये अ‍ॅक्सेसिबिलिटीत, विंडोज १० मध्ये ईझ ऑफ अ‍ॅक्सेसमध्ये, कीबोर्डखाली स्टिकी कीजचा शॉर्टकट बंद केला की प्रश्न मिटला. असाच दुसरा प्रकार ऑल्टचा. ऑल्ट-टॅबने बाहेर जाऊन परत आलं की आत ऑल्ट दाबलेलंच आहे असं डॉसबॉक्स धरून बसतं आणि बाकीची बटणं भलतंच काहीतरी करतात. ऑल्ट एकदा नुसतं दाबून सोडायचं, सुटतं.

डॉसबॉक्सवर माझा स्वतःचा राग एकाच गोष्टीचा आहे. डॉसबॉक्सच्या विंडोत अडकलेला माउस सोडवायला कंट्रोल-एफ१० आणि डॉसबॉक्स ताबडतोब ठार करायला कंट्रोल-एफ९, शेजारीशेजारी! खात्री करून घेणारा प्रश्न नाही, काही नाही. लहान मुलाच्या हातात हे देऊच नये. कंट्रोल-एफ१ दाबलं की बटणांचा नकाशा उघडतो, त्यात शटडाउन निवडून त्याला लावलेलं बटण काढून टाकायचं आणि सेव्ह दाबायचं. सेव्ह नाही दाबलं तर पुढच्या वेळी जैसे थे. घरात मुलं असतील तर डॉसबॉक्स टाकल्या दिवशीच हे करा.

गेमच्या स्वतःच्या फाइलींबद्दल फारसं कुणी सांगत नाही. प्रिन्समध्ये एकूण ६० मिनिटं असतात आणि सेव्ह करायला कंट्रोल-जी. ते तिसऱ्या लेव्हलपासूनच चालतं. सेव्ह होते ती लेव्हल आणि उरलेली मिनिटं, तुम्ही नेमके कुठे उभे होता ते नाही. शिवाय जागा एकच: नवं सेव्ह जुन्याला पुसून टाकतं. म्हणजे सहाव्या लेव्हलला पोचायला वेळ वाया घालवला आणि तसंच सेव्ह केलं, तर पुढचा सगळा खेळ त्या उरलेल्या चार मिनिटांवर. कंट्रोल-ए ने लेव्हल पहिल्यापासून सुरू होते खरी, पण घड्याळ मागे जात नाही. कंट्रोल-आर ने अख्खा गेम पहिल्यापासून. हे दोन्ही गेमचे आपले रीसेट, डॉसबॉक्सशी त्यांचा काही संबंध नाही.

यावर मी काढलेला तोडगा साधा आहे. गेमच्या फोल्डरमध्ये प्रिन्स डॉट सॅव्ह नावाची फाइल असते. चांगली मिनिटं हातात असताना सेव्ह झालं की गेममधून बाहेर यायचं आणि ती फाइल दुसऱ्या फोल्डरमध्ये लेव्हलच्या नावाने कॉपी करून ठेवायची. पुढे घोळ झाला तर ती परत आणून मूळ नावाने ठेवायची आणि सेव्ह उघडायला कंट्रोल-एल. भाच्याला हे फसवणं वाटतं. वाटू दे. चॉम्पर नावाच्या त्या लोखंडी दातांखाली माझे किती राजपुत्र गेलेत ते त्याला माहीत नाही.

डूमचं वेगळं. त्याच्या सेटिंगची फाइल डिफॉल्ट डॉट सीएफजी. बटणं किंवा आवाज पार बिघडवून ठेवला असेल तर तेवढी एक फाइल उडवायची. गेम नवी बनवतो आणि सेव्ह केलेले खेळ वेगळ्या फाइलींत असल्यामुळे सुखरूप राहतात. मग सेटअप चालवून साउंड ब्लास्टर निवडायचं: पोर्ट २२०, आयआरक्यू ७, डीएमए १. डॉसबॉक्सचे मूळ आकडे हेच आहेत. सेटअपमध्ये दुसरेच आकडे बसले की आवाज येत नाही किंवा एखादा तुकडा अडकून वाजत राहतो, आणि लोक स्पीकरची वायर तपासत बसतात.

आता रीसेट. स्टार्ट मेन्यूत डॉसबॉक्सच्या फोल्डरमध्ये रीसेट ऑप्शन्स आणि रीसेट की-मॅपर असे दोन वेगळे शॉर्टकट येतात. पहिल्याने कॉन्फ फाइल कोरी करकरीत होते, म्हणजे ऑटोएक्झेकमध्ये लिहिलेल्या माउंटच्या ओळीही गेल्या. दुसऱ्याने फक्त बटणांचा नकाशा मूळपदावर येतो, म्हणजे कंट्रोल-एफ९ पुन्हा जिवंत. गेमच्या सेव्ह फाइलींना दोन्ही हात लावत नाहीत. कॉन्फ फाइल अ‍ॅपडेटाच्या लोकलमध्ये, डॉसबॉक्सच्या फोल्डरात असते. अ‍ॅपडेटा लपलेलं असतं एवढं लक्षात ठेवा. रीसेटच्या आधी तिची एक प्रत डेस्कटॉपवर ठेवली की रीसेटची भीती उरत नाही. कुठली ओळ बिघडली होती तेही नव्या-जुन्या फाइली शेजारी उघडून कळतं. साधी नोटपॅडमध्ये उघडणारी, ओळीओळीला खुलासा लिहिलेली फाइल आहे. आजच्या गेममध्ये सेटिंग कुठे दडवलेली असतात ते शोधताना हे फार आठवतं.

याहून चांगलं म्हणजे प्रत्येक गेमला आपापली छोटी कॉन्फ फाइल. शॉर्टकटमध्ये आधी यूजर-कॉन्फचा, म्हणजे नेहमीच्या कॉन्फ फाइलचा, पर्याय द्यायचा, मग त्या गेमची फाइल. छोट्या फाइलीत फक्त वेगळ्या हव्यात तेवढ्याच ओळी: प्रिन्सला ठरावीक सायकल्स, डूमला जास्तीत जास्त. एकाचं बिघडलं तरी दुसऱ्याला झळ नाही.

दिसण्याबाबत अपेक्षा माफक ठेवा. मोठ्या मॉनिटरवर विंडो इवलीशी दिसते. कॉन्फ फाइलमध्ये आउटपुट (चित्र दाखवायची पद्धत) "सरफेस" वर ठेवून विंडोचा आकार कितीही वाढवून लिहिला तरी फरक पडत नाही, तो ओपनजीएलसारखं दुसरं आउटपुट निवडल्यावरच मानतं. अ‍ॅस्पेक्ट "ट्रू" करा, नाहीतर सगळं किंचित दबून बुटकं दिसतं.

एवढी उस्तवार नको असेल आणि फक्त प्रिन्सच खेळायचा असेल, तर एसडीएलपॉप घ्या. डॉसच्या प्रिन्सवरूनच उलगडून बनवलेला आहे, थेट विंडोजवर चालतो, एफ६ ने कुठेही सेव्ह आणि एफ९ ने परत. डॉसबॉक्सचे नवे भाऊबंद, स्टेजिंग आणि एक्स, हेही बघण्यासारखे. स्टेजिंगमध्ये आकार-रंगाची कटकट बरीच कमी आहे. मी अजून जुन्यावरच आहे, कारण माझं बसलेलं आहे. रोड रॅशसाठी मात्र डॉसबॉक्सच्या वाटेला जाऊ नका. तो विंडोज ९५ चा गेम, आणि विंडोज ९५ चे गेम डॉसबॉक्सच्या अधिकृत कामात बसत नाहीत.